सर्टिफिकेटवरचा त्रिकोण

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

आपला रविवारचा अंक आम्हाला इंदुरात सोमवारी दुपारी मिळतो. बस रखडली तर मंगळवारी. त्यामुळे हे पत्र तुमच्या टेबलावर पडेपर्यंत तो लेख शिळा झालेला असेल. तरी लिहितो, कारण चार दिवस झाले, डोक्यातून जात नाही.

जाफर पनाही या इराणी दिग्दर्शकावरचा लेख मी दोनदा वाचला. एकदा स्वतः, एकदा सुनेकडून वाचून घेतला, कारण तुमचा टाइप दिवसेंदिवस बारीक होत चाललाय. माहितीत खोट नाही. डिसेंबर २०१० मध्ये सहा वर्षांची कैद आणि वीस वर्षं सिनेमा करायचा नाही, पटकथा लिहायची नाही, मुलाखत द्यायची नाही, देश सोडायचा नाही अशी शिक्षा. त्यानंतरही बर्लिन महोत्सवाचं सुवर्ण अस्वल आणि २०२५ साली कान महोत्सवाचा पाम द'ओर, दोन्ही पहिल्या क्रमांकाची पारितोषिकं. व्हेनिसचा सुवर्ण सिंह तर २००० सालीच मिळालेला. हे सगळं बरोबर. माझं भांडण शेवटच्या परिच्छेदाशी आहे. तुमच्या लेखकाने लिहिलंय की बंदी आली म्हणूनच हा माणूस एवढा मोठा झाला, सेन्सॉरनेच त्याच्या प्रतिभेला धार लावली.

असं बोलणारे मी जन्मभर पाहिले. यातल्या एकानेही कापलेली प्रिंट हातात धरलेली नसते.

मी समीक्षक नाही. सिनेमाच्या धंद्यात अगदी खालच्या पायरीवर होतो. इंदूर म्हणजे सेंट्रल इंडिया या वितरण-विभागाचं, धंद्याच्या भाषेत सर्किटचं, आमच्या बोलीत सी. आय.चं, ठाणं. मुंबईहून प्रिंट, म्हणजे थिएटरात लावायची फिल्मची प्रत, इथे उतरायची आणि उज्जैन, देवास, रतलाम, मंदसौर अशी गावं फिरून परत यायची. परत आली की माझ्या टेबलावर. १९७२ साली वडिलांच्या ओळखीने एका वितरकाकडे चिकटलो, तो थेट रीळ नावाची वस्तूच संपेपर्यंत. हुद्दा, प्रिंट चेकर. पगार सांगण्यासारखा नव्हता. पोहे-जलेबी मात्र रोज सेठच्या खात्यावर.

काम असं. टेबलाच्या दोन टोकांना दोन रिवाइंडर, मधे दुधी काच, काचेखाली बल्ब. उजव्या हाताने मूठ फिरवायची, डाव्या हाताची दोन बोटं फिल्मच्या कडेवर हलकी ठेवायची. कडेची फाटलेली भोकं, उचकटलेला जोड, कुठल्या तरी थिएटरच्या ऑपरेटरने घाईत मारलेला टाका, सगळं बोटाला आधी कळतं, डोळ्याला मागाहून. हातमोजे घालायचा नियम होता, पण मोजे घातले की जोड लागत नाही, म्हणून कोणी घालत नसे. सुटलेला जोड सापडला की ब्लेडने फिल्मवरचा मसाला खरवडायचा, फिल्म चिकटवायच्या सिमेंटचा थेंब टाकायचा, दाबून धरायचं, मनात दहापर्यंत मोजायचं. मग पुढे. सोळा-सतरा रिळांची एक प्रिंट, म्हणजे दिवस गेला.

आता एक गोष्ट सांगतो, ती तुमच्या लेखकालाही ठाऊक नसावी. ३५ एमएमच्या फिल्मवर चित्र आणि त्याचा आवाज शेजारी शेजारी नसतात. प्रोजेक्टरमध्ये दिवा वर आणि आवाज वाचणारं डोकं खाली, म्हणून आवाजाची पट्टी चित्राच्या साधारण वीस फ्रेम पुढे छापलेली असते. सेकंदाला फ्रेम चोवीस. म्हणजे फरक एका सेकंदाच्याही आतला. पण प्रिंटमधून एखादा तुकडा ब्लेडने काढून दोन टोकं जोडली, की चित्र जातं आणि त्या तुकड्याच्या सुरुवातीचा आवाज मात्र आधीच्या फिल्मवर शिल्लक राहतो. पडद्यावर पुढचं दृश्य लागलेलं असतं, झाड, नदी, काहीही, आणि त्यावर पाऊण सेकंद कापलेल्या माणसाचा आवाज ऐकू येतो. अर्धी शिवी. किंवा नुसता श्वास. लॅबमध्ये निगेटिव्हच कापून आवाज नव्याने बसवला तर असं होत नाही. पण गावोगाव फिरणाऱ्या प्रिंटवर सूचना आली की ब्लेड मीच चालवायचो, आणि तो उरलेला आवाज मलाच ऐकू यायचा. प्रेक्षकांना वाटायचं मशीन खराब आहे. ते ऑपरेटरला शिव्या घालायचे.

(सगळेच कट सरकारी नसत, हेही सांगून टाकतो. शेवटची बस चुकू नये म्हणून एक अख्खं रीळ गाळणारे ऑपरेटर मी पाहिलेत. नाचगाण्याचे तुकडे कापून घरी नेणारेही.)

तर तुमचा पनाही. त्याचे सिनेमे मी पाहिले ते मुलीच्या पेनड्राइव्हवर, पुण्याहून तिने भरून पाठवला. पेनड्राइव्ह केकमध्ये लपवून देशाबाहेर पाठवल्याची जी गोष्ट तुम्ही चौकटीत छापलीत, ती वाचून हसू आलं. आमच्या काळात सिनेमा लपवायचा तर केक हातगाडीवरून न्यावा लागला असता, आणि वर दोन हमाल. असो. त्या पेनड्राइव्हवर पहिला सिनेमा होता १९९५ चा, पांढऱ्या फुग्याचा. पटकथा नामवंत इराणी दिग्दर्शक अब्बास कियारोस्तामींची, पनाहीचा पहिलाच मोठा चित्रपट, आणि कानमध्ये पदार्पणाचं पारितोषिक. त्यात काय आहे? सात वर्षांची एक पोरगी. नवरोजसाठी, म्हणजे इराणी नववर्षासाठी, तिला एक जाडा गोल्डफिश हवाय. आईकडून हट्टाने पाचशे तोमानची नोट घेते आणि ती नोट एका बंद दुकानापुढच्या जाळीत पडते. बस. पुढचा सगळा सिनेमा ती नोट वर कशी काढायची एवढाच. शेवटी एक अफगाण पोरगा फुग्याच्या काठीला च्युइंगगम चिकटवून नोट काढून देतो. पोरगी मासा घेऊन भावाबरोबर घरी पळते. त्या पोराकडे मागे वळूनही बघत नाही. सगळ्यांना सणाला घरी जायचंय. तो पोरगा एकटा, हातात शेवटचा पांढरा फुगा. चित्र तिथेच थिजतं.

मी ते शेवटचं चित्र थांबवून बराच वेळ बघत बसलो. ज्याला घर नाही त्याच्यावर सिनेमा संपवायची अक्कल ज्या माणसाला पहिल्याच चित्रपटात आहे, त्याला धार लावायला सरकार कशाला लागतं? त्या वेळी त्याच्यावर कसलीही वैयक्तिक बंदी नव्हती. इराणात नियम सगळ्यांनाच होते. पटकथेला आधी परवाना, चित्रपट झाल्यावर दाखवायला दुसरा परवाना. त्या दोन दारांतून वाकून जाऊन त्याने हे केलं होतं.

आणि तेव्हा त्याचा कॅमेरा कुठे होता ते बघा. रस्त्यावर. बाजारात, बसमध्ये, गर्दीत. १९९७ च्या सिनेमात शाळेतून एकटी घरी निघालेली पोरगी मधेच कॅमेऱ्याकडे बघून म्हणते मला नाही करायचं आता काम, हाताचं खोटं प्लास्टर काढून टाकते आणि चालू पडते. मग कॅमेरा लांबून तिच्या मागे मागे, आणि तिच्या अंगावरच्या माइकचा आवाज कधी येतो, कधी जातो. मी तर रिमोट आपटला, वाटलं मुलीने खराब फाइल पाठवली. नंतर बायांवरचा चित्रपट, 'द सर्कल', २००० चा, व्हेनिसला पहिला आला आणि इराणात दाखवूच दिला नाही. मग मोटरसायकलवर पिझ्झा पोचवणाऱ्या माणसाचा. मग २००६ चा 'ऑफसाइड'.

या ऑफसाइडवर मला थांबायचंच आहे. इराणात तेव्हा बायकांना स्टेडियममध्ये पुरुषांची फुटबॉल मॅच बघायला बंदी होती. काही पोरी मुलांचे कपडे घालून शिरतात, पकडल्या जातात, आणि शिपाई त्यांना स्टेडियमच्याच बाहेरच्या अंगाला कठड्यात उभ्या करतात. आत इराण-बहरीन खरी मॅच चाललेली, २००५ ची, वर्ल्ड कपच्या पात्रतेची. शूटिंग तिथेच. पण मॅच आपल्याला जवळजवळ दिसतच नाही. फक्त आवाज. आत लाख लोक ओरडतात आणि बाहेर या पोरी एकमेकींची तोंडं बघतात. शेवटी त्या एका शिपायाला गळ घालतात, तो फटीतून बघून कॉमेंट्री करतो, तीही धड जमत नाही त्याला. आम्ही इंदूरवाले आमच्याच सुशील दोशींच्या क्रिकेटच्या हिंदी कॉमेंट्रीवर वाढलेले. रेडिओला कान लावून मॅच 'पाहिलेली' आमची पिढी. त्या शिपायाची कॉमेंट्री ऐकून आमच्या हिने भजी तळता तळता म्हटलं, याला आपल्याकडे पाठवा शिकायला.

पण मला दिसलं ते वेगळंच. चित्र कापलंय, आवाज राहिलाय. माझ्या टेबलावर जे पाऊण सेकंद व्हायचं, ते या माणसाने दीड तास करून दाखवलं होतं. २००६ साली. वीस वर्षांची बंदी यायच्या चार वर्षं आधी.

आता बंदीनंतरचं बघा. २०११ चा पहिला. पनाही स्वतःच घरात बसलाय. सिनेमा करायला बंदी, पण पटकथा वाचायला तर नाही, असं म्हणून गालिच्यावर टेप चिकटवून खोली आखतो, इथे खिडकी, इथे जिना, आणि न झालेला सिनेमा वाचून दाखवायला लागतो. थोड्या वेळाने त्याचाच आवाज बसतो. सिनेमा नुसता सांगून भागत असेल तर करायचा कशाला, अशा अर्थाचं काहीतरी बोलतो आणि उठून जातो. तुमच्या लेखात या चित्रपटाला 'कल्पकतेचा विजय' म्हटलंय. मला तो माणूस उठून जातो तेव्हा पोटात कालवलं. पस्तीस वर्षं चांगलं काम करणाऱ्या सुताराला लाकूड दिलं नाही, आणि तो हवेत रंधा मारून दाखवतो. आपण टाळ्या वाजवायच्या?

त्यानंतर कास्पियन समुद्राकाठच्या बंगल्यात काळे पडदे लावून केलेला. मग २०१५ ला टॅक्सीत. स्वतः स्टिअरिंगवर, कॅमेरा डॅशबोर्डवर. त्या टॅक्सीत त्याची भाची बसते आणि शाळेतल्या बाईंनी दिलेले 'दाखवता येण्याजोग्या' सिनेमाचे नियम वाचते. चांगल्या माणसाने टाय लावायचा नाही. स्त्री-पुरुषाने एकमेकांना स्पर्श करायचा नाही. राजकारण, पैशाअडक्याचे प्रश्न नकोत. वास्तवाचं काळं चित्र दाखवायचं नाही. पोरीचा वैताग असा की वास्तव तर दाखवा म्हणतात, पण आवडेल तेवढंच. चित्रपट उत्तमच आहे, माझ्या नातवालाही आवडला. बर्लिनला पारितोषिक घ्यायला तीच भाची गेली, मामाला देश सोडता येत नव्हता. आणि शेवटी नामावळीच्या जागी फक्त मजकूर, कारण नावं दिली तर त्या माणसांचं काय होईल सांगता येत नाही. ज्या माणसाने स्टेडियमबाहेरची गर्दी टिपली, त्याचं जग एका गाडीच्या काचेएवढं झालं. त्या काचेतूनही तो चांगलं बघतो, हे त्याचं कसब. काच लहान करणाऱ्याचं त्यात काय?

आणि बाकीचे? २०११ ला त्याच्याबरोबर घरात कॅमेरा धरणाऱ्या मोज्तबा मीरताहमास्बला त्याच वर्षी अटक झाली. दिग्दर्शक मोहम्मद रसूलोफ २०२४ साली डोंगर ओलांडून पायी देशाबाहेर पडला. त्याच रसूलोफच्या अटकेची चौकशी करायला २०२२ च्या जुलैत पनाही स्वतः एविन तुरुंगावर गेला, तर त्यालाच आत ठेवलं. फेब्रुवारी २०२३ मध्ये उपोषणाला बसला तेव्हा दोन दिवसांनी सोडलं. ही नावं तरी आपल्यापर्यंत पोचली. ज्यांची पहिलीच पटकथा परत आली आणि ज्यांनी मग किराणा दुकान टाकलं, त्यांच्या प्रतिभेला किती धार आली हे कुठल्या महोत्सवात मोजतात?

तुमच्या लेखात 'तिकडे इराणात' हे शब्द पाच वेळा आहेत. मोजले मी. सवय आहे, फुटं मोजायची.

मराठी माणसाला यासाठी तिकडे जायला नको. माझे वडील बालगंधर्वांचे भक्त. ते सांगायचे, १९३५ साली प्रभातने एकनाथांवर सिनेमा काढला, बालगंधर्व एकनाथ, दिग्दर्शन शांतारामबापूंचं, आणि नाव 'महात्मा'. इंग्रजांच्या सेन्सॉरला त्या नावात गांधी दिसले. नाव झालं 'धर्मात्मा'. त्याआधी शिवाजीमहाराजांवरच्या मूकपटाचं 'स्वराज्याचं तोरण'सुद्धा 'उदयकाल' होऊन पडद्यावर लागलं. वडील शेवटपर्यंत पहिल्याला महात्माच म्हणत. लहानपणी मला वाटायचं त्यांची चूक होतेय.

आणि इंग्रज गेल्यावर? 'आंधी' १९७५ च्या फेब्रुवारीत लागला आणि आणीबाणीत थांबवला. प्रिंटच्या पेट्या आमच्याकडे परत आल्या तो दिवस मला लख्ख आठवतो. पाऊस होता, हमालाने पेट्या ओसरीवर टाकल्या आणि पाणी आत गेलं. सेठ म्हणाले, चेक करून ठेव. मी म्हटलं, कशाला, लागणार तर नाहीच. ते म्हणाले, तू चेक कर. दोन दिवस मी एकेक रीळ पुसलं, जोड पक्के केले, डब्यांवर खडूने नंबर घातले. सत्त्याहत्तरनंतर त्याच पेट्या बाहेर निघाल्या, तेव्हा एकही जोड सुटला नाही. माझ्या नोकरीत मला अभिमान वाटावा अशा दोन-तीन गोष्टी आहेत, त्यातली ही एक. अमृत नाहाटांच्या 'किस्सा कुर्सी का'चं तेवढंही नशीब नव्हतं. त्याच्या तर निगेटिव्हसकट सगळ्या प्रती नाहीशा केल्या. नाहाटा स्वतः काँग्रेसचे खासदार, तरी. आणीबाणीनंतर त्यांना तो सिनेमा पुन्हा पहिल्यापासून करावा लागला. त्यात जनता नावाची एक बाई आहे, शबाना आझमी. ती मुकी आहे. तिचं काय कापणार?

या जागी आणखी एक परिच्छेद होता. १९७५ च्या ऑगस्टमध्ये आमच्या कचेरीत कोण आलं, टेबलावर काय ठेवलं आणि सेठना काय म्हणालं, हे मी नावानिशी लिहिलं होतं. मुलाने पत्र वाचलं आणि म्हणाला, बाबा, त्यांचा नातू आता आपल्याच वॉर्डात आहे, आणि आपली गच्चीची परवानगी अजून यायची आहे. सून काही बोलली नाही, पण तिने चहा जरा जोरात ठेवला. मी रात्रभर विचार केला आणि सकाळी तो परिच्छेद काढला. अकरा ओळी होत्या. मला कोणी धमकी दिलेली नाही, कोणी फोन केला नाही, हे आवर्जून नमूद करतो. पनाहीला निदान कोर्टाने सांगितलं होतं.

आमच्या इथला एक मराठी चित्रपट मंडळवाला ग्रुप आता पनाहीचा महोत्सव करतोय, पोस्टरवर मोठ्या अक्षरांत 'बंदी घातलेले चित्रपट'. मी त्यांना म्हटलं, पहिल्या दिवशी पोरीचा आणि माशाचा दाखवा, आणि पोस्टरवर मासा काढा. ते म्हणाले, काका, माशाला कोण येणार. बरोबर आहे त्यांचं. तरी तुमच्या लेखकाला माझा निरोप द्या की तो सिनेमा त्याने पाहिला नसेल तर पाहावा, आणि मग शेवटचा परिच्छेद पुन्हा लिहून बघावा. पाम द'ओरवाला नवा चित्रपट मी अजून पाहिलेला नाही, म्हणून त्याबद्दल काही बोलत नाही.

माझं नाव-पत्ता सोबत आहे, पण कृपया छापू नये.

कळावे,
एक निवृत्त प्रिंट चेकर
रामबाग, इंदूर

ता. क. थिएटरात सिनेमाआधी जे सेन्सॉरचं सर्टिफिकेट दाखवतात, त्याच्या खाली डाव्या कोपऱ्यात कधी कधी एक छोटा त्रिकोण असतो. लोक तेव्हा अंधारात खुर्ची शोधत असतात, म्हणून फारसं कोणी बघत नाही. त्रिकोण म्हणजे यातून काही कापलेलं आहे. काय कापलं ते सर्टिफिकेटच्या मागे लिहिलेलं असतं. तुमच्या छापखान्यात तशी खूण असेल तर माझ्या पत्राखाली, डावीकडे, एक टाका.